काउंटरवर ‘ओरे’ चालत नाही

३ ऑक्टो., शुक्र.

दुपारच्या सुट्टीत ओकामी-सानने वरच्या खोलीत बोलावलं. ओकामी-सान म्हणजे आमच्या जपानी हॉटेलची मालकीणबाई. इथून पुढे ओका., हात दुखतो. चहा पुढे ठेवला तेव्हाच वाटलं, संपलं. चहा देऊन काढतात. टोमॅटोच्या ग्रीनहाऊसमधून काढलं तेव्हापण आधी कॉफी दिलती.

उलटंच निघालं. काउंटरवरच्या साकुराई-बाई नाताळाआधी कायमच्या जपानला चालल्यात. त्यांच्या जागी मी. माझा करार नोव्हेंबरअखेर संपतो. काउंटर जमलं तर पुढचा करार, कायमचा. नाही जमलं तर किचनमध्ये तिसऱ्या माणसाची गरज नाही. हे सगळं जपानी, डच आणि इंग्लिशची भेळ करून, हसत हसत.

हो म्हणालो. विचार न करता. ‘राहा’ असं कुणी म्हणायची सवय नाही मला.

मग म्हणाली, “पण तोंड बदलायला पाहिजे. ‘ओरे’ बंद. ‘वाताशी’ म्हणायचं.”

जपानीत ‘मी’ एक नाही. बायका वाताशी म्हणतात, पोरगे बोकु म्हणतात, आणि तगडा बाप्या, घरात किंवा दोस्तांत, ओरे. वाताशी मला माहीत होतं की. फोनवरच्या पहिल्या धड्यातच आहे. पण ते मी ‘आपला आज्ञाधारक’ टाईप समजून चाललो होतो, अर्जात लिहायचं. किचनमध्ये कुणाच्या तोंडून ऐकलंच नाही. किचनमध्ये ओयाकाता (बडा आचारी, ओका.चा नवरा) आणि त्याच्या हाताखालचा केंजी. दोघंही ओरे.

आणि ओयाकाता काही शिकवत नाही. विचारलं तर उत्तर नाही. शेजारी उभारायचं, बघायचं, चोरायचं. सुरी कशी धरतो, भाताला हात कसा लावतो, फडकं कसं पिळतो. वर्षभर सगळं चोरलं. त्यातच त्याचा ‘मी’ पण आला. आता म्हणे बाकीचं ठेव, तेवढं परत दे.

सायकलची चेन परत उतरली. बॉसमधून, म्हणजे त्या मोठ्या जंगलातून, अर्धा रस्ता ढकलत आलो.


६ ऑक्टो., सोम. सुट्टी.

उशिरा उठलो. चेनला तेल घालायचं म्हणून बाहेर पडलो आणि कालव्याकाठी एक बगळा बघत बसलो. इथले बगळे माणसाला भीत नाहीत. एक बाई त्याला ‘मेनेर’, म्हणजे साहेब म्हणून हाक मारत होती. मादी असेल तर? तेल राहिलंच.

मेघनाताईंना (माझ्या घरमालकीण, पुण्याच्या, झुइडासला, त्या उंच ऑफिसांच्या भागात, आयटीत, वरची माळ्याची खोली माझी) काउंटरचं सांगितलं. लई खूश. “अगं मस्तच की राजश्री! कायमचा करार म्हणजे तुझं इथलं मार्गी लागलं.” मग ओरे-वाताशीचं सांगितलं. त्या भांडी लावता लावता म्हणाल्या, “मग बरोबरच आहे ना त्यांचं. तू मराठीतपण तेच करतेस. जातो, येतो. मुलीसारखं बोल की जरा.”

मुलीसारखं. गडहिंग्लजला आम्ही पोरी असंच बोलतो. आलो, गेलतो, जेवलो. आईच्या शेजारणी, शाळेतल्या बाई, सगळ्या. कुणी आम्हाला पोरगा समजत नाही. पुण्यात हॉस्टेलवर पहिल्या रात्री मेसमध्ये म्हणालो, “मी जेवलो,” आणि अख्खं टेबल हसलं. एकजण म्हणाली, “कोण जेवला?” महिनाभर तेच चाललं. मग मी ‘जेवले’ शिकलो. शिकून घेतलं, पण दर वेळी बोलायच्या आधी एक ठेच लागायची. मग बोलणंच कमी केलं. मग लेक्चरला जाणं. मग पुणंच.

गोव्याच्या आजोबांच्या नोंदीवर पोर्तुगीज पासपोर्ट मिळाला आणि बरं झालं. लिस्बन, टोमॅटो, विमानतळाजवळचं पार्सलचं गोदाम. कुठेच वर्ष पुरं नाही. पहिल्यांदा पुरं झालं ते या किचनमध्ये.

का, ते आज बगळ्यासमोर कळलं. ओरे म्हणताना ठेच लागत नव्हती.


८ ऑक्टो., बुध.

ओका.बरोबर सराव, वरच्या खोलीत, तिच्या आरशासमोर. वाताशी. आवाज वर. अजून वर. हात पोटावर. हसू आधी, शब्द मागून. तिचं इतकं सहज होतं की बघत राहावं. माझं ऐकून तिने डोळे मिटले. “भाजीवाला बोलतोय.”

खाली आलो. केंजी मुळा किसत होता.

“तुला माहीत होतं?”

“सगळ्यांना माहीत होतं.”

“मग सांगितलं का नाहीस, गाढवा?”

“बघ. बायका ‘गाढवा’ असं म्हणत नाहीत.” हसला. मग नाही हसला. “परक्या माणसाला कोण चूक दाखवणार? आणि मजा यायची, राजी. खरंच. तू ‘ओरे बघतो!’ म्हणून भाताचं भांडं उचलायचीस तेव्हा…”

तेव्हा काय ते सांगितलं नाही. पण कळलं. गुरुवारी येतात ते जपानी कंपनीवाले, किचनच्या पडद्याजवळचंच टेबल मागतात. एकजण मुद्दाम आत डोकावून मला काहीतरी विचारायचा, लोणचं कुठलंय, पाणी मिळेल का. मला वाटायचं, मी आवडतो लोकांना.

एक अख्खं वर्ष.


९ ऑक्टो., गुरु.

ओयाकाताला बघितलं आज, नीट. काउंटरवर उभारतो तेव्हा तो पण बदलतो. मान लववून ‘वाताकुशी’, वाताशीच्याही वरचं काहीतरी, लग्नपत्रिकेतलं. पडदा बाजूला करून आत आला की बूट काढल्यासारखं ओरे.

केंजी म्हणाला, “बघ, आम्हीपण बदलतो. तुलाच एकटीला नाही.”

“तुम्ही आत आलात की परत ओरे होता. मला आत पण बंद केलंय. सवय लागावी म्हणून.”

केंजी मुळा संपला तरी किसणी घासत होता.

कंपनीवाले आले होते. मी आतून बाहेर गेलोच नाही. पाण्याला केंजी गेला.


१२ ऑक्टो., रवि.

सकाळी मे. ताईंचा पुण्याला व्हिडिओ कॉल. ओवी (त्यांची लेक, पाच वर्षांची) एरवी मराठी ऐकते, उत्तर डचमध्ये. आज अचानक फोनसमोर जाऊन तिच्या आजीला म्हणाली, “आजी, मी आलो! मी दूध पिलो!”

पलीकडे आजी-आजोबा हसून हसून गडबडा लोळायचे बाकी. “अगं मेघना, नातू झाला की काय आम्हाला?” ओवी आधी हसली. मग तिला कळलं हसणं कशाचं आहे ते. किंवा नाही कळलं, पण तिच्यावर आहे एवढं कळलं. सोफ्यामागे जाऊन बसली. तिथून डचमध्ये काहीतरी पुटपुटली. मराठी परत नाही, दिवसभर.

मे. ताई जिन्यात गाठून म्हणाल्या, “राजश्री, रागावू नकोस. ती तुझ्यामुळे मराठी बोलायला लागली, हे मान्य आहे मला. पण तिच्यासमोर जरा जाते-येते म्हण ना. पुढे तिला त्रास होईल.”

“मला झाला, म्हणून म्हणताय?”

“हो. म्हणूनच.”

चांगली बाई आहे. चुकीचं काही बोलली नाही. ओका. पण चुकीचं बोलत नाही. सगळीच माझ्या भल्याची माणसं.

कामावर जाताना इतका वारा की पायडल मारून जागेवरच.


१४ ऑक्टो., मंगळ.

साकुराई-बाईंनी गुपचूप युक्ती सांगितली. जपानीत ‘मी’ गाळता येतो. नुसतं क्रियापद. ‘आणते.’ ‘बघते.’ आणि त्यांच्या क्रियापदाला बाई-बाप्या नसतो. म्हणजे कुणाला काही कळायचं कारणच नाही. “मी असंच केलं सुरुवातीला,” म्हणाल्या. “माझ्या तोंडी पण वाताशी बसत नव्हतं. शाळेत मी बोकु म्हणायचे, आमच्या वर्गात तीन-चारजणी म्हणायचो. मग नोकरी लागली.” खांदे उडवले.

करून बघितलं. दिवसभर एकदाही ‘मी’ नाही. आणतो, ठेवतो, माफ करा, लगेच. जमतं. ओका. खूश, जाताना पाठीवर हात ठेवला.

आणि घरी येऊन इतका दमलो की बूट घालूनच पडलो. काम रोजचंच होतं. पण असं वाटलं, दिवसभर कुणीतरी काम करत होतं आणि मी कुठे होतो माहीत नाही.


१७ ऑक्टो., शुक्र.

उद्या काउंटरवर परीक्षा. शनिवार, गर्दी.

ओका. आणि मी पातीचा कांदा चिरत बसलो होतो, दोघीच. ती आपणहून बोलायला लागली. तिचं गाव उत्तरेला, डोंगरात, बर्फ छतापर्यंत. तिची आजी स्वतःला ओरेच म्हणायची. गावातल्या सगळ्या म्हाताऱ्या म्हणायच्या. “ओरे भात खाल्ला, ओरे शेतात गेले.” त्यात बाप्यापणा काही नव्हता. नुसती आजी.

“आणि तुम्ही?”

“मी पण. लग्न होईपर्यंत.” चिरणं थांबवलं नाही. “सासूने पहिल्याच दिवशी सांगितलं. या धंद्यात दारातली बाई शहरातली वाटली पाहिजे. एका हिवाळ्यात सोडलं.”

“वाईट वाटलं?”

चिरलेला कांदा भांड्यात लोटला. मग म्हणाली, “आजी वारली तेव्हा गेले होते. गावातल्या बायका बोलत होत्या. मला त्यांच्यासारखं उत्तर देता आलं नाही. त्या म्हणाल्या, केवढी मोठी बाईसाहेब झाली.”

मला वाटलं आता म्हणेल, तू राहू दे तुझं. नाही म्हणाली. म्हणाली, “तुला एक हिवाळा पण लागणार नाही. तू हुशार आहेस.”


१८ ऑक्टो., शनि. दुपारच्या सुट्टीत लिहितोय, मागच्या पायरीवर.

परीक्षा झाली. पास.

कसा पास झालो ते लिहायचं आहे, पण आधी साधं लिहितो. किमोनो नाही, नुसता काळा शर्ट, पांढरा अ‍ॅप्रन. हसू आधी, शब्द मागून. वाताशी चारदा म्हणालो. दोनदा तर बरं पण आलं. एका डच आजीने विचारलं तू जपानी का, नाही म्हटल्यावर नाराज झाली.

मग कंपनीवाले. शनिवारी कधी येत नाहीत, आज पाहुणा घेऊन आले, टोकियोहून आलेला मोठा साहेब. त्यातला तो आत डोकावणारा म्हणाला, “अरेच्चा, पुढे आली! साहेबांना ऐकव की तुझं. ते किचनमधलं.”

मी ओका.कडे बघितलं. ती हसत होती. मानेने थोडंसं, हं.

ऐकवलं. भाताचं भांडं उचलतो तसे हात करून, पोटातून. ओरे बघतो! साहेब खुर्चीत मागे रेलून हसला. टेबल हसलं. शेजारचं हसलं. ओका. तोंडावर हात ठेवून हसली. परत एकदा म्हणाले, परत केलं. साहेबाने टाळ्या वाजवल्या. जाताना ओका.ला वाकून म्हणाला, फार छान मुलगी मिळाली तुम्हाला.

नंतर ओका.ने जिन्यात धरलं. डोळे चमकत होते. “जागा तुझी. वाताशी चांगलं होतंय. आणि ते दुसरं… अधूनमधून, ओळखीच्या गिऱ्हाइकांसाठी. चालेल.”

म्हणजे माझं म्हणून बोललं तर चालत नाही. सोंग म्हणून चालतं.

सगळ्यांत वाईट हे की दुसऱ्यांदा मी जास्त चांगलं केलं.

पाच वाजता परत आत.


२० ऑक्टो., सोम. सुट्टी.

बॅग कपाटावरून खाली काढली. उगीच. चेन अडकलीय तिची, ती सोडवत बसलो. अँटवर्पला एकजण ओळखीचा आहे, चॉकलेटच्या कारखान्यात. लिहिलं त्याला, मग पाठवलं नाही.

आईचा फोन. “काय गं, जेवलीस? झाली काय नोकरी पक्की?” झाली म्हटलं. मागे कुकरची शिट्टी, त्यावरून आईने बाबांना ओरडून सांगितलं. बाबा फोनवर येऊन म्हणाले, “राजा, शाब्बास.” मला लहानपणापासून राजाच म्हणतात. कुणी हसत नाही.

बॅग परत वर ठेवली. नीट नाही, अर्धी बाहेर आहे.

मला जायचं नाहीये. हे लिहून ठेवतो, कारण मला माझा भरवसा नाही. लोक हसले की मी निघतो, आजवर असंच झालंय. पुण्यातून तसाच निघालो. या वेळी बोलून बघायचं आणि मग काय ते.


२२ ऑक्टो., बुध.

बोललो. ओका.शी, गल्ल्यापाशी, उघडायच्या आधी. वाक्य रात्रीपासून पाठ केलं होतं, तरी अर्धं डचमध्ये गेलं.

गिऱ्हाइकांसमोर वाताशी. मान लववून, हसून, रोज. ते काम आहे, करतो. पण तो खेळ करणार नाही. ओळखीच्या गिऱ्हाइकांसाठी पण नाही. आणि पडद्याच्या आत मी बोलतो तसं बोलणार.

ओका. कधी आवाज चढवत नाही. म्हणाली, “खेळात वाईट काय आहे? लोकांना तू आवडतेस.”

“त्यांना ते आवडतं.”

“तेच तर तू आहेस ना, तुझ्या मते?”

उत्तर आहे, पण कुठल्याच भाषेत पटकन येईना. म्हणालो, “तुमच्या आजीला कुणी टेबलासमोर उभं करून ते बोलायला लावलं असतं तर?”

बोलायला नको होतं. तिचा चेहरा बंद झाला, दुकानाचं शटर ओढावं तसा. फुलदाणीतलं पाणी बदलायला लागली. मग पाठमोरीच म्हणाली, “शुक्रवारी करारावर सह्या. जसं मी सांगितलं तसं, नाहीतर नाही. आणि किचन माझं नाही. आतलं त्याला विचार.”


२३ ऑक्टो., गुरु. मागची पायरी, दुपार.

सकाळी लवकर गेलो. ओयाकाता एकटाच, बांगडे साफ करत होता. मी शेजारी उभारून माझे घेतले. दोघांचे हात एकसारखे चालतात, आज पहिल्यांदा लक्षात आलं. डोकं, पोट, पाणी. आई गोव्याच्या पद्धतीने करते, तसं आता माझ्या हातून होत नाही.

सातव्या-आठव्या बांगड्याला विचारलं. ओरे म्हणूनच विचारलं, दुसरं काही म्हटलं असतं तर विचारण्यात अर्थच नव्हता. ओरे इथे राहू इच्छितो. काउंटरवर सांगाल तसं. पण इथे, आत, असंच बोलायचं आहे. आणि शनिवारचं परत करायचं नाही.

त्याने मासा संपवला. सुरी धुतली, पुसली.

मग माझ्याकडे न बघता म्हणाला, “शनिवारी लोक हसले.”

“हो.”

“तू हुबेहूब केलंस. आवाजाचा चढउतार, हात, सगळं.” फडकं पिळलं. “तो माझा आवाज होता.”

बस. एवढंच. पुढचा बांगडा घेतला.

मी कधी हा विचारच केला नव्हता. तो काउंटरमागे उभा होता तेव्हा, चार हातांवर. मान खाली, सुरी हातात. सगळं दुकान हसत होतं आणि मला वाटत होतं, माझ्यावर.

माझ्यावर रागावलाय का? की त्यांच्यावर? की ओका.वर? चेहऱ्यावरून काही कळत नाही, कधीच कळलं नाही.

माफी मागितली. मान हलवली त्याने. त्याचा अर्थ हो की नाही, की आता बास, काय माहीत. केंजी आला, गुड मॉर्निंग म्हणाला, आमच्याकडे बघून गप्प झाला.

दुपारचं काम मी आतच केलं. कंपनीवाले आले, तेच टेबल. “कुठे गेली आमची मुलगी?” पडद्यातून ऐकू आलं. ओका. काहीतरी गोड बोलली.

त्यानंतर ओयाकाता अ‍ॅप्रन काढून वर गेला. दुपारचा तो कधी वर जात नाही, खाली खुर्चीतच डोळे मिटतो. वर दोघं बोलतायत. ओका.चा आवाज येतोय, खिडकी उघडी आहे. त्याचा येत नाही. मधूनमधून ती थांबते, म्हणजे तो बोलत असणार.

केंजी बाहेर येऊन विचारून गेला, “काय झालं?” म्हटलं, माहीत नाही. त्याने अर्धी सिगरेट ओढली आणि उरलेली विझवून परत पाकिटात ठेवली. म्हणाला, “तू गेलीस तर भाताचं भांडं कोण उचलणार, ते मला दोघांना विचारायचं आहे.” हा त्याचा विनोद होता बहुतेक.

उद्या शुक्रवार.

वरचं बोलणं थांबलं. जिन्यावर पावलं. एकाची की दोघांची ते कळेना. वही मिटतो.